एका विहिरीचे दोन दावे

"गोविंद माणिकराव, हाजिर हैऽऽ!"

कंधारच्या कोर्टातल्या शिपायाचा हा पुकारा मी पहिल्यांदा ऐकला, त्याला आता बरीच वर्षं झाली. वडील गेल्यापासून माझं नाव इतक्या मोठ्यानं कुणी घेतलं नव्हतं. मी दचकून उठलो आणि तोंडातून निघून गेलं, "आलो, अण्णा!" शिपाई माझ्याकडं बघतच राहिला.

तारखा पडत गेल्या की असे किस्से आपोआप साठतात. निकाल तेवढा लागत नाही.

आमची जमीन ओढ्याच्या दोन्ही बाजूंना. अलीकडचं रान कंधार तालुक्यात, म्हणजे नांदेड जिल्हा. पलीकडचं जळकोटात, म्हणजे लातूर. विहीर काठावर. ती आपणच खोदली असं म्हणत धाकट्या भावानं, नामदेवानं, कंधारला दावा लावला. मी खोदली म्हणून मी जळकोटला लावला. त्या दिवसापासून नामदेव माझ्याशी बोलायचा बंद झाला. विहीर कुणाकडं का जाईना, त्याचं बोलणं परत येईल का, एवढंच मला लागून राहिलं होतं. पण अर्जात असं कुठं लिहिता येतं?

* * *

एकदा दोन्ही कोर्टांची तारीख एकाच दिवशी आली. मी विचार केला, तक्रार करणारा नसला तरी चालेल, पण ज्याच्यावर तक्रार आहे त्यानं गेलंच पाहिजे. म्हणून मी कंधारला गेलो. नामदेवानंही असाच विचार केला आणि तो जळकोटला गेला!

कंधारला कागदावर लिहिलं, वादी गैरहजर. जळकोटलाही लिहिलं, वादी गैरहजर.

माझ्या वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. "काका, दावा लावणारेच आले नाहीत तर दावे निकाली निघतील की!"

"बाई, आम्ही गेलो होतो. लई लवकर गेलो होतो."

* * *

साक्षीदार दोघांचा एकच, किसनमामा. विहिरीचं काम डोळ्यांनी बघितलेलं गावात तेवढंच एक माणूस उरलेलं. वकीलबाईंनी त्यांना ऑफिसात बोलावून चहा दिला आणि विचारलं, "मामा, विहीर कुणी खोदली?"

"कंधारात विचारलं तर नामदेवानं. जळकोटात विचारलं तर गोविंदानं."

"आणि खरं काय?"

मामांनी बशी खाली ठेवली. "खरं कोणच्या कोर्टात इचारणार हाव, ते सांगा."

त्याच दिवशी बाई म्हणाल्या, "दोन जज, दोन निकाल, आणि विहीर एक. काका, हे दावे एकाच कोर्टात चालले पाहिजेत. दोन जिल्हे आहेत, त्यामुळं हायकोर्टात अर्ज करावा लागेल."

* * *

आता एकत्र करायचे तर कुठं? मी शपथपत्र दिलं, गुडघे दुखतात, कंधारला जाववत नाही. नामदेवानं दिलं, वय झालं, जळकोटला जाववत नाही. अर्ज सुनावणीला निघाला त्या दिवशी काय होतंय ते बघायला मी रात्रीची एसटी धरून औरंगाबादला गेलो. हायकोर्टाच्या दारात बघतो तर नामदेव उभा! तो आदल्याच दिवशी आला होता.

जजसाहेबांनी दोन्ही शपथपत्रं वाचली. चष्म्यावरून आमच्याकडं बघितलं.

"हे दोघं इथपर्यंत आलेत?"

"हो साहेब," वकीलबाई म्हणाल्या.

"मग कंधार जवळच पडेल!"

पहिला दावा तिथला होता, म्हणून माझाही तिकडंच गेला.

* * *

त्यानंतर तारीख एक आणि एसटीही एकच. मी पुढं बसायचो, तो मागं. एकदा गाडी भरली होती आणि फक्त माझ्या शेजारची जागा रिकामी होती. नामदेव दांडा धरून उभाच.

कंडक्टर म्हणाला, "मालक, बसा की! हे काय चावतेत का?"

नामदेव कंधारपर्यंत उभा राहिला. गुडघा त्याचा माझ्यापेक्षा जास्त दुखतो. मीही उठून उभा राहिलो. दोन्ही जागा रिकाम्याच कंधारला पोचल्या.

* * *

दोन्ही दाव्यांचा पुरावा एकदमच सुरू झाला. नामदेव पिंजऱ्यात उभा राहिला. माझ्या वकीलबाईंनी विचारलं, "विहीर कुणी खोदली?"

मी खाली बघत बसलो. त्यानं 'मी' म्हणायचं, हे ठरलेलं होतं.

तो म्हणाला, "खाली दादा हुता."

"म्हणजे विहीर यांनी खोदली?"

"दादा खाली हुता. सुरुंगाची वात पेटवून हाक मारायचा. मी वर हुतो. दोर माझ्या हातात हुता." त्यानं पिंजऱ्याचा कठडा धरला. "म्हणून तो वर आला."

त्याचा वकील उठला आणि परत बसला. वकीलबाईंनी कागद मिटला. "पुढं काही विचारायचं नाही."

जजसाहेबांनी खूण केली तसा नामदेव खाली उतरला. माझ्या बाकाजवळ आल्यावर जरा थांबला. मी सरकून जागा केली. त्यानं जागेकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. मग दारात जाऊन चपला घातल्या आणि स्टँडच्या रस्त्यानं चालू लागला.