खरं बोलणाऱ्या आबांचा लॉज

लॉज चालवणाऱ्याला किस्से गोळा करावे लागत नाहीत. पाहुणे येतात आणि ठेवून जातात. जिंतूरच्या आमच्या लॉजमध्ये मात्र निम्मे किस्से मालकाचेच, म्हणजे माझ्या वडिलांचे. पणजोबांच्या काळी कापसाच्या गाड्या घेऊन येणारे लोक इथं मुक्काम करायचे, तेव्हा याला मुसाफिरखाना म्हणत. आता वर आठ खोल्या आहेत आणि खाली रेस्टॉरंट, ते मी बघतो. गल्ल्यावर आबा बसतात, आणि आबांना खोटं बोलता येत नाही. धंद्यात हा केवढा मोठा रोग आहे, ते मला विचारा!

* * *

एकदा एक प्राध्यापक लॉजचा इतिहास लिहायला आले. म्हणाले, "निजामाच्या काळात एक सुभेदार इथं उतरले होते म्हणे?"

मी मागून आबांना खुणावतोय, हो म्हणा, हो म्हणा.

"दारापस्तोर आले होते," आबा म्हणाले. "खाट बघितली अन् म्होरं गेले."

* * *

पाटीवर 'चोवीस तास गरम पाणी' असं मी हौसेनं रंगवून घेतलं. दुसऱ्या दिवशी आबांनी त्याखाली खडूनं लिहिलं, 'लाईट असल्यास.'

रेस्टॉरंटात कोणी वेटरला विचारलं, "वांग्याची भाजी कशी हाय?" तर उत्तर गल्ल्यावरून येतं, "सकाळी चांगली होती."

मध्यंतरी एका पाहुण्यानं ऑनलाइन पाच स्टार दिले. मी खूश. खाली लिहिलं होतं, 'खोली बरी नाही असं मालकांनी आधीच सांगितलं. खरंच बरी नव्हती.'

* * *

एक तरुण मास्तर आमच्याकडे सहा महिने राहत होते. त्यांना मुलगी द्यावी का, याची चौकशी करायला पाथरीचे एक गृहस्थ आले.

आबा म्हणाले, "पोरगा घोरतो. शेजारची खोली कोणी घेत न्हाई."

मला वाटलं, मोडलं लग्न. पण गृहस्थ उठून आबांच्या पाया पडले. "तुमाला एवढंच सापडलं, म्हंजी बाकी पोरगा लाखात एक हाय." महिन्याभरात लग्न झालं. तेव्हापासून आबांचा शब्द तालुकाभर चालतो.

* * *

गेल्या श्रावणात पुण्याच्या काकांनी लॉज विकायचं काढलं. जागा दोघा भावांची, त्यामुळे आबांना नाही म्हणता येईना. मला आठ दिवस जेवण गोड लागलं नाही. पंचेचाळिसाव्या वर्षी मी कुणाच्या हॉटेलात कामाला जाणार होतो?

परभणीचे एक शेठ जागा बघायला आले. त्यांना इथं मंगल कार्यालय काढायचं होतं. सगळं फिरून पाहिलं, पसंत पडलं. शेवटी परसातल्या विहिरीपाशी थांबले. पावसाचं पाणी काठापर्यंत आलेलं. ही विहीर कधीच आटली नाही. दुष्काळात गावात टँकर फिरत होते, तेव्हाही निम्मी गल्ली इथून पाणी न्यायची आणि रहाट मी ओढायचो.

शेठ म्हणाले, "आबा, तुमी खोटं बोलत न्हाईत असं सगळे सांगतात. उन्हाळ्यात पाणी टिकतं का?"

काका निवांत हसले.

आबांनी चष्मा काढून पुसला. "शिमग्यालाच तळ दिसतो," ते म्हणाले.

काका "अहो, पण..." म्हणत पुढं झाले. आबांच्या शब्दापुढं त्यांचं कोण ऐकणार होतं?

शेठनी आबांचे दोन्ही हात धरले. "लय उपकार झाले, आबा. दुसरा कोणी असता तर फसवलं असतं मला."