बाबांचं ‘काढ’

आमची ताई डॉक्युमेंटऱ्या काढते, त्याही फक्त चित्रकारांवर. चित्र कसं जन्माला येतं ते पडद्यावर दाखवायचं, हे तिचं वेड. नियम एकच: कॅमेरा चालू असताना चित्रकाराच्या मध्ये पडायचं नाही. मग तो चित्र फाडो नाहीतर जाळो. मला हे कधीच पटलं नाही, पण माइक धरायला फुकटात मिळणारी धाकटी बहीण मीच. ताई डोळ्यांनी आईवर गेलीय, मी जिभेनं.

या खेपेचे चित्रकार म्हणजे आमचे बाबाच. अर्धांगाचा झटका येऊन गेल्यापासून त्यांच्या तोंडून एखाददुसरा शब्द फुटायचा. उजव्या हातातलं बळही दिवसेंदिवस सरत चाललं होतं. गेलेल्या आईचं चित्र तेवढं पुरं करायचं होतं. सगळं झालं होतं, डोळे राहिले होते. हात साफ जायच्या आत ते उतरतात की नाही, हाच सगळ्यांच्या जिवाला घोर.

रोज बाबा डोळे रंगवायचे आणि रोज खरवडून टाकायचे. मग ताईकडे बघून म्हणायचे, "काढ."

ताई लगेच कॅमेरा घेऊन जवळ सरकायची. "बघ, स्वतःच सांगतायत, काढ म्हणून!" बाबा कपाळावर हात मारून घ्यायचे.

त्या दुपारी ब्रश सारखा बोटांतून निसटत होता. शेवटी बाबांनी खरवडायची सुरी उचलली. डोळे गेले, तरी सुरी थांबेना. ती आईच्या गालावर आली.

"अगं, धर त्यांना!" मी ओरडले.

"गप्प बस. आवाज रेकॉर्ड होतोय."

"खड्ड्यात गेलं तुझं रेकॉर्डिंग! आई चाललीय पुसून!"

ताई जागची हलली नाही, कॅमेरा डोळ्यालाच लावलेला. गालाचा एक पोपडा निघाला. बाबा वळले. "काढ!"

"काढतेय बाबा, काढतेय ना!"

"ते काढ!" बाबांनी सुरी थेट कॅमेऱ्यावर रोखली. "ते... बाजूला. डोळे."

आत्ता कुठे आमच्या डोक्यात उजेड पडला. इतके दिवस तो माणूस आईचे डोळे मागत होता, आणि ताई आपल्या त्याच डोळ्यांवर ते काळं धूड लावून उभी होती.

ताईनं कॅमेरा बंद करून खाली ठेवला. ज्या घटकेसाठी तिनं सगळा खटाटोप मांडला, ती तिच्या फिल्ममध्ये नाही. बाबा डाव्या हातानं उजवा मनगटाशी धरून रंगवत राहिले. ताईच्या डोळ्यांना धार लागली होती. ती पुसायला गेली की बाबा दटावायचे, "अं हं!"

चित्र पुरं झालं. गालावरचा ओरखडा तसाच आहे. येणारे-जाणारे म्हणतात, तुमची आई फार हळवी होती वाटतं. हळवी, डोंबल! आईला रडताना आम्ही जन्मात पाहिलं नाही. बाबांनी समोर दिसलं ते काढलं.