कोंडवाड्यात नग नऊ

मंगळवार, सकाळी सव्वादहा. गावचा जुना कोंडवाडा. बाहेर दोन म्हशी, आत अकरा मुली, मधे एक लोखंडी फाटक.

तीस वर्षं जिल्ह्यात बातमीदारी करतो आहे. छापून आलेली बातमी दुसऱ्या दिवशी भज्यांखाली जाते. छापून न आलेली मात्र साचत राहते. या एका कोंडवाड्याचे किस्से इतके साचलेत की डायरीला दोरी बांधावी लागते! गावाचं नाव सांगत नाही. नाचणगावहून पायी तासाभराच्या आत आहे, एवढं पुरे. माणसांना तिथेच राहायचं आहे.

म्हशींवर येतोच. आधी ते फाटक उघडलं कसं, ते ऐका.

*

कोंडवाडा म्हणजे दुसऱ्याच्या वावरात शिरलेली जनावरं कोंडायची ग्रामपंचायतीची जागा. चार भिंती, अर्ध्यावर टिनाचं छप्पर, एक दगडी हौद. गावात मोकाट जनावरं उरली नाहीत, तसं तिथे गाजरगवत माजलं आणि लोक भिंतीवरून कचरा फेकू लागले. चावी मात्र बबनराव भोयरांकडे. भोयरकाका पंचायतीचे शिपाई म्हणून रिटायर झाले, त्यांच्या जागी कोणी आलंच नाही, म्हणून चावी आणि रजिस्टर दोन्ही त्यांच्याच खुंटीला राहिलं.

एक दिवस सुमनबाई थूल त्यांच्या दारात उभ्या. सगळी नोकरी सरकारी दवाखान्यात नर्स म्हणून केलेली बाई. गावातल्या मुलींना भरतीच्या अभ्यासासाठी जागा हवी म्हणून हिंडत होत्या. घरोघरी दोन खोल्या, सात माणसं आणि एक टीव्ही!

"चावी द्या, भोयरभाऊ."

"जनावर कुठं हाय?"

"जनावर नाई जी. पोरी बसतीन अभ्यासाले."

"मंग नाई जमत. रजिस्टरमंदी नोंद केल्याबिगर म्या कोनाले आत घेतलं नाई. पंचवीस वर्सांत नाई!"

"मंग मले कोंडा. करा नोंद!"

काकांनी चष्मा लावला, रजिस्टर उघडलं आणि खरंच नोंद केली. जनावराचा प्रकार: लागू नाही. मालकाचे नाव: स्वतः.

*

पुढे हीच रीत पडली. मुलींनी गवत उपटलं, कचरा काढला, भिंतींना चुना मारला, हौदावर फळ्या टाकून टेबल केलं. पण रजिस्टर बदललं नाही. काका अडून बसले, "सरकारी जागा हाय, नोंद सरकारी रजिस्टरमंदीच होईन." रोज सकाळी प्रत्येक मुलीची नोंद आणि संध्याकाळी पुढे काकांचा शेरा: 'सोडले'.

रजिस्टरात 'खूण' असा एक रकाना होता. शिंग मोडलंय, कान फाटलाय, असं लिहायला. मुली त्यात मनातलं लिहू लागल्या. 'गणितात कच्ची.' 'काल पाहुणे पाहून गेले.' 'रात्री रडली.' सुमनबाई संध्याकाळी फक्त तो रकाना वाचायच्या आणि त्या मुलीला शेवटपर्यंत थांबवून घ्यायच्या. काय बोलायच्या, मला माहीत नाही. पण ज्या मुलीला पाहुणे पाहून गेले होते, ती दुसऱ्या दिवशीही अभ्यासाला आली, आणि तिच्यासोबत तिची आईही! आई दोन तास नुसती बसून होती. जाताना म्हणाली, "इथं बरं वाटते बाई."

*

यानंतरची चूक माझी.

मी बातमी केली. फोटोसकट, चार कॉलम: 'कोंडवाड्यात उघडली अभ्यासिका'. मला वाटलं, गावाचं नाव होईल. आठवड्याच्या आत फाटकावर पंचायतीची नोटीस चिकटली. 'बंद पडलेल्या कोंडवाड्याचा अनधिकृत वापर.' जागा अगदी रस्त्याला लागून. उपसरपंचांना तिथे दुकानांचे गाळे काढायचे होते, हे गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. फक्त मला नव्हतं!

सुमनबाईंनी माझंच कात्रण माझ्यासमोर धरलं.

"भाऊ, तुमी आमचं कौतुक केलं का आमची चुगली?"

इतक्या वर्षांत मला संपादकही असं बोलला नव्हता.

*

नोटिशीपाठोपाठ ग्रामसेवक पाहणीला आले. भोयरकाकांनी रजिस्टर पुढे सरकवलं.

"बंद कुठं हाय, सायेब? रोजच्या अकरा नोंदी हायत."

"अहो, पण यात जनावर कुठे आहे?"

"रकान्यातच लिवलं हाय ना. जनावर: लागू नाही."

ग्रामसेवकांनी घाम पुसला. नोंदी खोट्या म्हणाव्यात, तर इतके महिने त्यांचीच तपासणीची सही. खऱ्या म्हणाव्यात, तर कोंडवाडा चालू. त्यांनी मधला मार्ग काढला. मासिक अहवालात लिहून टाकलं, 'कोंडवाडा सुरू, नग अकरा.' वरून शेरा आला: 'उत्तम.' अख्ख्या तालुक्यात एवढा चालता कोंडवाडा दुसरा नव्हता म्हणे!

मुली हसून हसून लोळल्या. सुमनबाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, "कागदावर कोंडवाडा हाय, तं उद्या कोनी जनावर आनून टाकीन."

*

आता तो मंगळवार.

उपसरपंच स्वतः आले, मागे त्यांचा गडी दोन म्हशी घेऊन. "वावरात सापडल्या. कोंडवाडा चालू हाय ना? कोंडा!"

भोयरकाकांचा चेहरा पडला. नियम म्हणजे नियम. हात फाटकाच्या कडीकडे गेलाच होता, तेवढ्यात प्रणाली काळे रजिस्टर घेऊन पुढे आली. पोलीस भरतीची तयारी करणारी, या सगळ्यांत तेज पोरगी. रोज पहाटे पळते, दिवसभर इथे बसते.

"कोनाच्या वावरात सापडल्या?"

"माह्या."

"मालक कोन?"

"मले काय माईत? मोकाट हायत."

"बरं. 'मालक अज्ञात' लिवते. मालक आला नाई तं लिलाव होईन. करा सही."

उपसरपंच सही करेनात. पाच मिनिटं, दहा मिनिटं. भर रस्त्यात पन्नास माणसं जमली. गडी मालकाच्या तोंडाकडे पाहत होता. एकाच्या हातात काठी दिसली तेव्हा मी मोबाईल काढला. फोटोसाठी नाही, ठाण्याला लावायला.

धारेची वेळ टळून गेलेली. मोठी म्हैस एकदा हंबरली, गड्याच्या हातचं दावं हिसकलं आणि निघाली. दुसरी तिच्या मागे. सारा गाव पाहत होता. म्हशी मारुतीच्या पारावरून वळल्या, आट्याच्या चक्कीपासून वळल्या, आणि थेट उपसरपंचांच्या वाड्यात जाऊन आपापल्या खुंट्यापाशी उभ्या राहिल्या!

प्रणालीनं रजिस्टर मिटलं. "मालक सापडला काका."

*

त्या दिवशी सगळे हसले. मला हसू येत नव्हतं. चारचौघांत हसं झालेला पुढारी काय करतो, हे मी फार वेळा पाहिलं आहे.

पुढच्या शनिवारी मुली नेहमीसारख्या सहाला आल्या. दोघी लग्नाला गेल्या होत्या, म्हणून नऊच. नोंदी केल्या, पिशव्या ठेवल्या, रजिस्टर हौदावरच्या फळीवर ठेवलं आणि फाटक नुसतं लोटून रस्त्यावर पळायला गेल्या. प्रणालीचा पाय आदल्या दिवशी मुरगळला होता, ती घड्याळ धरायला गेली. सात वाजता परतल्या तर फाटकाला नवंकोरं कुलूप!

पिशव्या आत. पुस्तकं आत. प्रणालीची मूळ प्रमाणपत्रं आत. परीक्षा पंधरा दिवसांवर, आणि कागद तपासणीला मूळ प्रतीच लागतात.

मी पंचायतीत गेलो. ग्रामसेवक म्हणाले, "कुलूप आमचं नाही." लेखी मागितलं. दिलं! 'सदर कुलूप या कार्यालयाने लावलेले नाही.' उपसरपंच म्हणाले, "माह्या घरची कुलपं मोजून घ्या." ठाण्यात गेलो, तर अंमलदार विचारतात, "चोरी झाली का? नाही ना? मग तक्रार कोणाविरुद्ध?"

भोयरकाकांनी दगड उचलला. पंचवीस वर्षांत नोंदीशिवाय कडीला हात न लावलेला माणूस! प्रणाली आडवी आली.

"नका काका. सरकारी जागेचं कुलूप हाय. माह्या नावावर केस लागली तं भरती गेली."

"माह्या नावानं तोडतो ना, पोरी!"

"तुमी तोडा, का मी तोडू, का कोनी भिंतीवरून उतरो," सुमनबाई म्हणाल्या, "नाव पोरीइचंच लिवतीन. आता कुलूप कोनाचंच नाई. तोडलं का पाच मिनटात मालक उभा राईन."

दगड खाली ठेवला गेला. तेव्हापासून मुली समोरच्या कडुनिंबाखाली बसतात, मागून आणलेली पुस्तकं घेऊन. काका रोज सकाळी येतात, कुलपाकडे पाहतात आणि म्हणतात, "सोडल्याची नोंद राहिली." त्यांच्या हिशेबानं नऊजणी अजून आतच आहेत.

*

आज अकरावा दिवस. काल मी पंचायतीतून या महिन्याच्या अहवालाची प्रत घेतली. ग्रामसेवक म्हणाले, अहवाल वरून भरून आला, मी नुसता पुढे पाठवला. वरून म्हणजे कुठून? त्यांनी दुसरी फाईल उघडली.

शनिवारच्या तारखेसमोर लिहिलं आहे: 'नग नऊ. चारा-पाणी नियमित. पैकी एका नगाचा डावा पाय मुरगळलेला.'

मी तो कागद कडुनिंबाखाली नेला. प्रणालीनं वाचला, परत वाचला. मग हळूच म्हणाली, "भाऊ, हे तं मी त्या दिवशी खुणेच्या रकान्यात लिवलं होतं. जसंच्या तसं."

रजिस्टर अजून आतच आहे.