अक्षर माझं नाही

कानावरची पेन्सिल काढायची, तिचं टोक अंगठ्यावर टोचून बघायचं, समोरच्या माणसाकडे चष्म्यावरून पाहायचं आणि म्हणायचं, "एस्टिमेट इज नॉट अ प्रॉमिस, माय फ्रेंड." मग माझ्याकडे वळून तेच मराठीत, मला इंग्रजी कळतच नाही अशा थाटात: "अंदाज म्हणजे वचन नव्हे, बरं का वसईकर!" हे वाक्य मी दिवसातून आठ-दहा वेळा ऐकलं आहे. असा एकच पाठ रोज म्हणणारा माणूस तुमच्याही ऑफिसात असेल. सुरुवातीला हसू येतं, मग कंटाळा येतो, आणि एक दिवस तो आजारपणाची रजा घेतो तेव्हा आपल्याला करमत नाही.

कॅनडातल्या रेजिना शहरात एका कॉलेजात आमचं तीन टेबलांचं ऑफिस होतं. सैन्यातून बाहेर पडलेली माणसं चाळिशीत पुन्हा शिकायला यायची. कुणाला वेल्डिंग शिकायचं असायचं, कुणाला नर्सिंग. शिकत असेपर्यंत त्यांना घरभाड्याचा भत्ता मिळायचा. पण मंजुरी यायला दोन महिने लागायचे आणि घरमालक तर दोन दिवससुद्धा थांबत नाही. म्हणून आम्ही आधी अंदाज काढून द्यायचो: इतका भत्ता मिळेल, त्या हिशेबानं घर बघा. सल्लागार म्हणजे हे पेन्सिलवाले गृहस्थ, मी त्यांच्या हाताखालची कारकून आणि तिसऱ्या टेबलावर आमची मॅनेजर.

ते सत्तरच्या दशकात कॅनडात आलेले. प्रांताच्या सरकारात सिव्हिल इंजिनिअर म्हणून सगळी नोकरी एस्टिमेटं काढण्यात गेली. निवृत्तीनंतर घरात बसवेना, म्हणून हे अर्धवेळ काम धरलं. "पूल असो की बेसमेंट, बघितल्याशिवाय एस्टिमेट नाही," हे त्यांचं दुसरं वाक्य. आणि ते खरोखर बघायला जायचे. विद्यार्थ्याला आपल्या जुन्या गाडीत घालून उणे तीसमध्ये घरं दाखवायचे. घर गरम ठेवणारा फर्नेस किती जुना आहे, आग लागली तर बेसमेंटच्या खिडकीतून माणूस बाहेर पडू शकतो का, ड्राइव्हवेवरचा बर्फ कोण उपसणार, सगळं घरमालकाला विचारायचे. एकदा एका धिप्पाड सार्जंटला त्यांनी बाथटबमध्ये उभं राहून शॉवर डोक्याला लागतो का ते बघायला लावलं होतं. तो बिचारा बुटांसकट उभा राहिला.

मी वसईची, ख्रिस्ती. माझ्या बिल्ल्यावरचं नाव वाचून ते पहिला आठवडाभर माझ्याशी अदबीनं इंग्रजीत बोलले. मग एक दिवस फाइलींच्या कपाटात माझं बोट सापडलं आणि मी ओरडले, "आई गं!" त्यांच्या हातातली पेन्सिल खाली पडली.

"तू मराठी? अगं मग आठवडाभर माझ्याकडून फुकट इंग्रजी कशाला बोलवून घेतलंस?"

त्या दिवसापासून मी वसईकर झाले आणि ते माझे काका. पहिल्या हिवाळ्यात माझ्या गाडीला विंटर टायर्स त्यांनीच लावून घेतले. मला फ्लू झाला तेव्हा काकू मुगाची खिचडी घेऊन आल्या. नाताळात दोघं माझ्याकडे आले, आणि काकांनी एकट्यानं आमच्याकडचे तळलेले गोड फुगे इतके खाल्ले की काकूंनी ताटली उचलून दुसऱ्या खोलीत नेली. माझे वडील मी इकडे यायच्या आधीच गेले होते. ह्या माणसाला मी वडिलांच्या जागी बसवलं, हे आज लिहिताना मायाही वाटते आणि डोकंही तापतं. राग आला तरी त्यांच्याबद्दल बोलताना तोंडातून 'ते'च निघतं, एवढा मान मी अजून देते.

आता कामाची रीत सांगते, कारण सगळं तिथेच आहे. काकांचा हात थरथरायचा. थरथर लपवायला ते पेन्सिल दाबून दाबून लिहायचे, तरी अक्षर वाकडंतिकडं यायचं. वरच्या ऑफिसातून तक्रार आली, तेव्हा त्यांनी युक्ती काढली. फॉर्मवर ते पेन्सिलीनं लिहायचे. मी त्यावरून काळ्या पेनानं नीट अक्षरात लिहायचं आणि शाई वाळली की खाली राहिलेली पेन्सिल खोडून टाकायची. मग कागद स्कॅन होऊन वर जायचा. समासात माझ्यासाठी मराठीत चिठ्ठ्या असायच्या: 'ह्याला कुत्रा आहे, घरमालकाला सांगायचंय' किंवा 'चहा हवाय'. त्याही खोडायच्या. खोडरबरही त्यांनीच आणून दिला होता, पांढरा, चांगल्यातला.

"मी पेन्सिल, तू पेन," ते म्हणायचे. "जोडी झाली."

दोन वर्षं मी त्यांचं अक्षर रोज माझ्या हातानं पुसत होते. मला त्यात काहीच वावगं वाटलं नाही.

त्या उन्हाळ्यात नियम बदलला. विद्यार्थ्याचे निम्म्याहून जास्त वर्ग ऑनलाइन असतील, तर घरभाड्याचा भत्ता अर्धाच. ईमेल आली, मी छापून काकांच्या टेबलावर ठेवली, कारण स्क्रीनवरचं ते वाचायचे नाहीत. आणि ऑगस्टमध्ये डॅरिल आला.

डॅरिल सैन्यात ट्रक दुरुस्त करायचा. पाठ गेली म्हणून बाहेर पडला होता. घटस्फोट झालेला, आठ वर्षांची मुलगी आईकडे, तीन तासांवरच्या एका गावात. कोर्टानं अट घातली होती: मुलीला स्वतंत्र खोली असलेलं घर घेतलं, तरच ती शाळेचं वर्ष बापाजवळ राहील. तो खुर्चीच्या टोकावर बसून एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगत होता.

"टू बेडरूम्स, सर. शी नीड्स हर ओन डोअर."

काकांनी पेन्सिल अंगठ्यावर टोचून बघितली, पण त्या दिवशी नेहमीचं वाक्य म्हणाले नाहीत. तीन दिवस ते त्याला घेऊन फिरले. शाळेजवळचं दोन बेडरूमचं घर सापडलं. परत आले तेव्हा स्वतःच्याच मुलाचं काम झाल्यासारखे खूश होते.

फॉर्म माझ्याकडे आला. पूर्ण भत्ता लिहिला होता. डॅरिलच्या वेळापत्रकात पाचातले तीन वर्ग ऑनलाइन होते. मी उठून त्यांच्याजवळ गेले. ते डॅरिलला घरमालकाचा करार समजावून देत होते. मी हळूच विचारलं, "काका, ते ऑनलाइनचं बघितलंत ना?"

त्यांनी बोलणं न थांबवता माझ्या हातातून कागद घेतला, टेबलावर ठेवून समासात काहीतरी लिहिलं आणि परत दिला. लिहिलं होतं: 'ऑनलाइनचं मी बघून घेतो. तू लिही.'

मी लिहिलं. शाई वाळली. मी खोडलं.

डॅरिलनं करारावर सही केली. सप्टेंबरमध्ये मुलगी आली. त्यानं तिच्या दाराचा फोटो आम्हाला आणून दाखवला. दारावर तिनं स्वतःच्या नावाची पाटी रंगवली होती. काकांनी तो फोटो दोनदा मागून घेऊन बघितला.

ऑक्टोबरमध्ये मंजुरी आली. भत्ता अर्धाच.

आमच्या कॉलेजात एक सोय होती. सल्लागारानं लेखी सल्ला चुकीचा दिला असेल, तर कॉलेज वर्ष संपेपर्यंत फरक भरून द्यायचं. पण कारकुनानं उतरवताना केलेली चूक त्यात बसत नव्हती. म्हणजे काकांनी नुसतं "सल्ला माझा होता" म्हटलं असतं, तरी डॅरिलचं घर राहिलं असतं. त्यांनाही हे ठाऊक होतं. दोन वर्षांपूर्वी हा नियम मला त्यांनीच शिकवला होता.

मॅनेजरनं आम्हा दोघांना बोलावलं. स्क्रीनवर स्कॅन केलेला फॉर्म होता, माझ्या सुबक अक्षरातला. तिनं विचारलं, हा आकडा कुणाचा?

मी काकांकडे बघितलं. मला वाटलं, आता ते चष्मा काढतील, कपाळ पुसतील आणि सांगून टाकतील. मला खरोखरच काळजी वाटत नव्हती, हे तुम्हाला सांगायला हवं.

ते स्क्रीनकडे बघत म्हणाले, "दॅट्स नॉट माय हँडरायटिंग."

अक्षर माझं नाही. खोटं काय होतं त्यात? अक्षर माझंच होतं.

मी म्हटलं, ह्यांनी पेन्सिलीनं लिहून दिलं होतं. मॅनेजरनं पेन्सिल कुठे आहे म्हणून विचारलं. मी म्हटलं, मी खोडली. हे बोलताना माझं मलाच ते किती पोकळ वाटलं! मॅनेजर त्यांच्याकडे वळली. त्यांनी नकारार्थी मान हलवली. "आय डोन्ट रिकॉल," असं म्हणाले. मला इशारापत्र मिळालं, आणि डॅरिलच्या फाइलवर शेरा पडला: कारकुनी चूक.

कॉरिडॉरमध्ये मी त्यांना गाठलं. तिथे ते मराठीत बोलले.

"वसईकर, तू तरुण आहेस. एका पत्रानं तुझं काय होतंय? माझं कॉन्ट्रॅक्ट मार्चमध्ये रिन्यू व्हायचंय. गेल्या वर्षीच मॅनेजर म्हणाली होती, तुम्हाला आता झेपत नाही. मला घरी बसवलं तर मी भिंतींशी बोलेन गं."

"आणि डॅरिल?"

त्यांनी कानावरची पेन्सिल काढली, टोक अंगठ्यावर टोचून बघितलं आणि परत कानावर ठेवली.

भीती मला कळते. म्हातारपणी कुणालाही नको असतं घरी बसणं. पण माझ्या खांद्यावर पाय ठेवून उभं राहायचं होतं तर आधी विचारायचं तरी. कदाचित मी हो म्हटलं असतं, आणि ह्याचाच मला सगळ्यात जास्त राग येतो.

डॅरिलनं नोव्हेंबर कसाबसा काढला, मग घर सोडलं आणि एका मित्राच्या बेसमेंटमध्ये राहायला गेला. मुलगी आईकडे परत गेली. किल्ली परत केल्याची पावती द्यायला तो ऑफिसात आला, तेव्हा काका वॉशरूमला गेले ते तो जाईपर्यंत आलेच नाहीत. पावती मीच घेतली. तो माझ्यावर ओरडला नाही. "यू हॅव नाइस हँडरायटिंग," एवढंच म्हणाला आणि गेला. जानेवारीत त्यानं कॉलेजही सोडलं.

आम्ही दोघं पुढे पाच महिने समोरासमोर बसलो. काका पेन्सिलीनं लिहायचे, मी पेनानं लिहायचे, पण आता खोडत नव्हते. त्यांनी हे पाहिलं. चिठ्ठ्या बंद झाल्या. काकूंचा एकदा फोन आला, "अगं, ते धड जेवत नाहीत. तू बोल ना एकदा त्यांच्याशी." मी बोलले नाही. मार्चमध्ये त्यांचं कॉन्ट्रॅक्ट रिन्यू झालं नाहीच. निरोपाला केक होता. मी रजा टाकली. मग ते घर विकून दूरच्या मिल्टन गावी मुलाकडे गेले.

मला जे खरं छळत होतं ते वेगळंच होतं. वर्ष गेलं, दीड गेलं, आणि माझाच माझ्यावरचा विश्वास उडायला लागला. ती चिठ्ठी खरंच होती का? की मला तसं हवं होतं म्हणून मी मनात रचली? इतका चांगला माणूस तोंडावर खोटं बोलेल, ह्यापेक्षा मीच चुकले असेन हे मानायला सोपं जायचं. माणसं आपली अशी फसवणूक करतात तेव्हा जाताना आपली आठवणसुद्धा घेऊन जातात.

ह्या फेब्रुवारीत काकूंचा मेसेज आला: ते गेले, झोपेतच. मी फोन केला, रडले, काकूंना धीर दिला. ते रडणं खरं होतं. पण मेलेल्या माणसाशी भांडता येत नाही, हेही त्याच दिवशी कळलं.

जूनमध्ये आमचं ऑफिस वरच्या मजल्यावर हलवायचं ठरलं. जुन्या फाइली श्रेड करायच्या होत्या. डॅरिलचा मूळ कागद हातात आला. तेव्हा सगळ्यांनी तो स्क्रीनवरच पाहिला होता. कागद कुणी काढलाच नव्हता, मीसुद्धा नाही. सहज खिडकीशी तिरका धरला, तर समासात रेघांचे खळगे दिसले. त्यांच्या टेबलाच्या खणात एक पेन्सिल राहिली होती. लहानपणी नाण्यावर कागद ठेवून करायचो, तसं तिचं शिसं आडवं धरून मी हलकेच फिरवलं. करड्या रंगात पांढरी अक्षरं वर आली, वाकडीतिकडी, दाबून दाबून लिहिलेली.

'ऑनलाइनचं मी बघून घेतो. तू लिही.'

आधी आनंद झाला, खोटं कशाला सांगू. मी रचलं नव्हतं. मग आनंद ओसरला, आणि ज्यांना हे दाखवायचं ते मिल्टनमध्ये नव्हते, कुठेच नव्हते. फॉर्मवर डॅरिलचा नंबर होता. लावून बघितला. एका बाईनं उचलला; हा नंबर तिच्याकडे गेल्या वर्षीच आलाय म्हणाली.

कागद टेबलावर तसाच होता. सवयीनं माझा हात खोडरबराकडे गेला. मी तो मागे घेतला.