सगळ्या गावाचा एकच ईमेल

बारवीकडून येणारी जीप बदलापूर गावात जिथे रिकामी होते, तिथून सात पावलांवर हरिचंद्र भोपीचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. पावलं त्याने स्वतः मोजली आहेत. वाडीवरचा माणूस जीपमधून उतरला की त्याच्या पायांना दुसरा विचार सुचायच्या आत दुकान लागलं पाहिजे, असं त्याचं शास्त्र होतं. बारा वर्षं हे शास्त्र कुणी खोटं पाडलं नाही.

त्याआधी पाच वर्षं हरिचंद्र उल्हासनगरात एका सिंधी शेठच्या काउंटरमागे बसला होता. शेठने त्याला सोल्डरिंगपेक्षा मोठी विद्या दिली. फोन हातात घेतल्याबरोबर दोष सांगायचा नाही. "साईं, डॉक्टर भी पहले नब्ज देखता है." म्हणून हरिचंद्र फोन चालू करायचा, डोळे अर्धे मिटायचा, आणि पडद्यावर कंपनीचं चिन्ह उजळतं, विझतं, पुन्हा उजळतं, हे तीन वेळा होऊ द्यायचा. मग म्हणायचा, "सॉफ्टवेअर उडालंय." लोक मान डोलवायचे. माणूस झाडावरून पडला तर का पडला असं विचारता येतं. सॉफ्टवेअर उडालं यावर पुढे प्रश्न नसतो. हरिचंद्र फोन कॉम्प्युटरला जोडायचा, आतलं सगळं पुसायचा, नवं सॉफ्टवेअर मारायचा आणि तासाभरात फोन चालता करून द्यायचा. या कामात तो खरोखर चांगला होता. हे आत्ताच सांगून ठेवलेलं बरं, कारण पुढे ते विसरायला होतं.

अडचण यायची ती पुसून झाल्यावर. कोरा फोन आधी ईमेल मागतो. वाडीवरच्या माणसाकडे रेशनकार्ड असायचं, आधार असायचं, जातीचा दाखला कुठल्या तरी टेबलावर असायचा. ईमेल कुठून असणार? नवा काढून द्यावा, तर तो पासवर्ड आठवड्यात विसरायचा. आणि पुसलेल्या फोनला आधीचाच ईमेल, आधीचाच पासवर्ड लागतो, नाहीतर तो उघडत नाही. चार-पाच जणांचे फोन असे कायमचे अडकल्यावर हरिचंद्रने उपाय काढला. त्याने सगळ्यांच्या फोनमध्ये स्वतःचाच ईमेल टाकायला सुरुवात केली. पासवर्ड फक्त त्याला ठाऊक. फोन अडकला, की माणूस त्याच्याकडे परत येणार. उपाय लोकांच्या सोयीचा होता. त्याच्या सोयीचाही होता, हे त्याला बरंच नंतर कळलं असं तो सांगतो.

एकाच ईमेलवर सगळे फोन असले की एकाने लिहिलेले नंबर सगळ्यांच्या यादीत उमटतात. लोकांची समजूत झाली, की टीव्हीबरोबर चॅनेल येतात तसे फोनबरोबर नंबर येतात. गावातल्या वेणूबाईंचं दिराशी भांडण झालं आणि त्यांनी त्याचा नंबर काढून टाकला. तो माणूस एका दुपारीत अकरा गावांमधून नाहीसा झाला. यादीत सतरा 'आई' होत्या. दूध घालणारे आण्णा दोन महिने भलत्याच आईला रोज जेवलीस का विचारत होते. त्या बाईंना थोडं कमी ऐकू यायचं आणि आण्णा नेहमी घाईत असायचे. बाईंनी तक्रार केली नाही, त्यांचा स्वतःचा मुलगा फोन करत नसे.

त्या ईमेलमध्ये एक पान असतं. आपलं खातं कुठकुठल्या फोनवर चालू आहे त्याची यादी तिथे दिसते. हरिचंद्रच्या यादीत एकशे त्रेसष्ट फोन होते. सकाळी दुकानातल्या देवाला उदबत्ती ओवाळून झाली की तो ते पान उघडायचा आणि बोटाने खालीपर्यंत सरकवत न्यायचा. नगरसेवकाला मतदारयादी चाळताना जे सुख होत असेल, ते त्याला चहाच्या आधी मिळायचं.

मग एका सकाळी एकशे बासष्ट झाले.

फोन हरवला असेल, पाण्यात पडला असेल, म्हणून त्याने सोडून दिलं. पंधरा दिवसांत एकशे एक्केचाळीस झाले. एवढे फोन एकदम पाण्यात पडायला बारवी धरण फुटायला हवं होतं. चौकशी केली तेव्हा नाव कळलं. रविना.

रविना ही ठाकूरवाडीतल्या सुकऱ्याची मुलगी. सुकऱ्याला पहिला स्मार्टफोन हरिचंद्रनेच दिलेला. भगव्या रंगाचा, कुणी घेत नव्हतं असा. त्या मॉडेलचा एकच नग दुकानात आला होता. पोरीने त्या फोनमधली यादी वाचून बापाला विचारलं होतं की या सतरा आया कोणाच्या. बापाला उत्तर देता आलं नाही, तेव्हा ती ते शोधायला लागली. पुढे अंबरनाथला तिने सहा महिन्यांचा कोर्स केला आणि शिरगावात एका झेरॉक्सवाल्याच्या पुढ्यात टेबल टाकलं. एक लॅपटॉप, एक दिवा, दोन स्टुलं. म्हणजे वाडीवरची माणसं जीपमधून हरिचंद्रच्या दारात उतरायची, त्याला हात करायची, आणि रिक्षात बसून रुळांपलीकडे शिरगावला जायची. हात करायची, हेच त्याला सोसत नव्हतं. तोंड चुकवून गेली असती तर निदान त्यांना लाज आहे असं म्हणता आलं असतं.

एकदा तो स्वतः बघायला गेला. रिक्षाने गेला, पण डोक्यात हेल्मेट घालून, कुणी ओळखू नये म्हणून. वडापावच्या गाडीशी हेल्मेट घातलेला एक माणूस अर्धा तास काहीच न खाता उभा होता, हे शिरगावात बऱ्याच जणांच्या लक्षात राहिलं. त्याने जे पाहिलं ते असं: रविना फोन पुसण्याआधी माणसाला शेजारी बसवून विचारते की यात ठेवण्यासारखं काय आहे. फोटो, नंबर, जे असेल ते आधी बाजूला काढून घेते. मग त्या माणसाच्या नावाचा ईमेल काढते, पासवर्ड त्यालाच सुचवायला लावते आणि त्याच्याच बोटांनी तीनदा लिहून घेते. एका म्हाताऱ्याने बैलाचं नाव लिहिलं, दोनदा चुकला, तिसऱ्यांदा बरोबर आलं तेव्हा इकडेतिकडे पाहून हसला.

हरिचंद्रने घरी येऊन बायकोला, संजीवनीला सांगितलं की पोरगी फार हळू काम करते. शिवाय दिवा चुकीच्या बाजूला ठेवलाय. शिवाय अशाने कुणी परत येणार नाही, पासवर्ड ज्याचा त्याच्याकडे म्हटल्यावर येईलच कशाला. संजीवनी म्हणाली, येतात की. येत होते हे त्यानेही पाहिलं होतं.

त्यानंतर महिन्याभराने यादीतून संजीवनीचा फोन गेला.

दुकान बंद करून तो घरी आला आणि तिच्यासमोर उभा राहिला. "तुझा फोन यादीत नाही."

"मी घरात आहे ना," ती भाकरी उलटत म्हणाली. "पुरे नाही का?"

मग तिने शांतपणे सांगितलं की सतरा आयांमधून आपली आई शोधायला तिला चष्मा लावावा लागतो, आणि कढई गॅसवर असताना चष्मा सापडत नाही. रविनाने तिला एकच आई ठेवून दिली. वर रविना म्हणाली होती, काकांनी केलं ते चूक नव्हतं, त्या वेळी तेच बरोबर होतं. हे वाक्य हरिचंद्रला रात्रभर पुरलं. तिने नावं ठेवली असती तर भांडता आलं असतं. समजून घेणाऱ्या माणसाशी भांडायचं कसं, याचं शिक्षण उल्हासनगरच्या शेठने दिलेलं नव्हतं.

चालू फोनमधून जुना ईमेल काढून टाकायला रविनाला हरिचंद्रची गरज नव्हती. पण पुसल्यावर अडकलेला फोन त्याच्याच पासवर्डने उघडायचा. असे फोन ती इमानदारीने त्याच्याकडे पाठवायची, बरोबर चिठ्ठी देऊन. मे महिन्यात ठाकूरवाडीतली नवसी अशी चिठ्ठी घेऊन आली. 'हरिकाका, नवसीमावशीच्या फोनवर तुमचा पासवर्ड टाकून द्या, मग खातं काढून टाका. बाकी मी करते.' हरिचंद्रने चिठ्ठी दोनदा वाचली. 'बाकी मी करते' हे शब्द त्याने तिसऱ्यांदाही वाचले. मग फोन ड्रॉवरमध्ये ठेवला आणि सांगितलं की सर्व्हर डाऊन आहे.

काम अर्ध्या मिनिटाचं होतं. नवसी कधी भातखाचरावर, कधी बिगारीवर जाणारी बाई. कामाचा निरोप फोनवरच यायचा. फोन नाही म्हणून निरोप दुसरीला जाऊ लागला. ती दर दोन दिवसांनी येऊन दुकानाच्या पायरीवर बसायची. सर्व्हर कवा उठंल, असं विचारायची. हरिचंद्र सांगायचा, वरूनच प्रॉब्लेम आहे. अकरा दिवस तो असं सांगत होता. तोवर यादीत तीनच फोन उरले होते: त्याचा स्वतःचा, ड्रॉवरमधला नवसीचा आणि सुकऱ्याचा भगवा. नवसीचा फोन सोडला असता तर दोन राहिले असते.

बाराव्या दिवशी सकाळी हरिचंद्रचा स्वतःचा फोन चिन्हावर अडकला. उजळला, विझला, उजळला. रात्री अपडेट लावून झोपला होता. त्याने तीन वेळा होऊ दिलं, सवयीने. मग फोन कॉम्प्युटरला जोडला, पुसला, सॉफ्टवेअर मारलं. काम इतकं साफ झालं की पाहायला कुणी नाही याचं त्याला वाईट वाटलं. फोनने ईमेल मागितला, दिला. पासवर्ड मागितला, दिला. मग पडद्यावर आलं, की तुम्ही तुम्हीच आहात हे नक्की करायचं आहे. दुसऱ्या फोनवर विचारणा पाठवली आहे, तिथे 'हो' दाबा. फोनचं मॉडेल दिलं होतं. सुकऱ्याचा भगवा.

दुसरा रस्ता होता तो मेसेजचा, पण खात्याला जोडलेला मोबाईल नंबर त्याने सहा वर्षांपूर्वी बंद केलेला. दुकानातल्या कॉम्प्युटरवर त्याने ईमेल कधी उघडलाच नव्हता. त्याने वाट पाहिली, पुन्हा प्रयत्न केला. दोन्ही वेळा उत्तर आलं: नकार मिळाला आहे. बारा वर्षांचे सगळे नंबर त्या ईमेलमध्ये होते. आता तो कायमचा बंद झाला, तर ते जाणार, त्याचा फोन जाणार, आणि नवसीचाही जाणार. अकरा दिवस डाऊन असलेला सर्व्हर आता खरोखर डाऊन होता.

नवसी पायरीवर होतीच. त्याने विचारलं, सुकऱ्या कुठे असेल. ती म्हणाली, "तो रानात. तिथं रेंज कुठं हाय? त्याचा फोन पोरीजवळ असतो, शिरगावला." आणि उठून उभी राहिली. "चल, मी दाखवते."

त्याला शिरगाव ठाऊक नाही असं तिला वाटत होतं. त्याने तसंच वाटू दिलं. ड्रॉवरमधून तिचा फोन काढून खिशात घातला. हेल्मेट घेतलं नाही.

टेबलापुढे पाच जण होते. रविनाने त्याला पाहिलं, स्टूल पुढे केलं आणि म्हणाली, "बसा काका, यांच्यानंतर तुमचा नंबर." हरिचंद्र बसला. आपल्याच जुन्या गिऱ्हाइकांच्या मागे बसून त्याने तिचं काम जवळून पाहिलं. दिवा बरोबर बाजूला होता. ती डावखुरी होती, हे हेल्मेटमधून दिसलं नव्हतं.

नंबर आला तेव्हा त्याने सगळं थोडक्यात सांगितलं, हवा असलेला भाग तेवढा. रविनाने खणातून भगवा फोन काढला.

"तुम्ही होता होय? सकाळपासून विचारतोय, हे तुम्हीच का म्हणून. मी दोनदा 'नाही' दाबलं."

"का?"

"सगळ्यांना तेच शिकवते ना, काका. कोणी अनोळखी आत शिरायला बघत असेल तर 'नाही' दाबायचं."

रांगेतल्या एकाने मान हलवली, त्यालाही तसंच शिकवलं होतं. हरिचंद्रने विचारलं, सुकऱ्याच्या फोनवर अजून माझाच ईमेल कसा. रविना जरा अडखळली. मग म्हणाली, "बाबा काढू देत नाहीत. म्हणतात, समद्यांनी काढला तर हरिशेठला कसं वाटंल."

एवढ्या वर्षांत त्याचा हेवा लोकांना वाटावा म्हणून त्याने बरंच काही केलं होतं. कुणाला त्याची कीव येईल, आणि तीही सुकऱ्याला, हा हिशेब त्याच्या शास्त्रात नव्हता.

त्याने पुन्हा पासवर्ड टाकला. त्याच्या पडद्यावर अडतीस आकडा आला. रविनाने भगव्या फोनवर अडतीस निवडून 'हो' दाबलं, आणि हरिचंद्र भोपी हा हरिचंद्र भोपी असल्याचं मान्य झालं. लगेच त्याने खिशातून नवसीचा फोन काढला आणि तळहात आडवा धरून त्यावर पासवर्ड टाकू लागला. रविनाने आपण होऊन मान दुसरीकडे वळवली होती, त्यामुळे हात आडवा धरलेला फक्त रांगेला दिसला. फोन उघडला. त्याने स्वतःचं खातं काढून टाकलं, नवसीच्या नावाचा नवा ईमेल काढला, आणि रविनाने सांगायच्या आत नवसीच्या हातात फोन देऊन पासवर्ड तिलाच लिहायला लावला. तीनदा. घाई न करता.

"सर्व्हर उठला वाटतं," नवसी म्हणाली. त्यात टोमणा होता की नव्हता ते त्याला कळलं नाही. तिने फोन उलटसुलट करून पाहिला, आणि टेबलापलीकडे रविनाला दिला.

"बघ गं. नीट केलाय का यानं."

रविनाने बघितलं. ईमेल बघितला, फोन बंद करून पुन्हा चालू केला. चिन्ह एकदाच उजळलं आणि फोन सुरू झाला.

"काकांनी एकदम बरोबर केलंय, मावशी."

रांगेतल्या माणसांनी हरिचंद्रकडे कौतुकाने पाहिलं. बारा वर्षांत त्याच्या कामाबद्दल इतकं स्पष्ट कुणी बोललं नव्हतं. रिक्षा थांबवून ठेवलीय, असं तो म्हणाला आणि निघाला. रिक्षा त्याने थांबवून ठेवलेली नव्हती.