पूर्णत्वास नेल्याबद्दल

आमच्या बिल्डरचा आम्ही सत्कार केला होता. शाल, श्रीफळ, पुष्पगुच्छ, सगळं. आज आठवलं की स्वतःच्याच कानाखाली वाजवावीशी वाटते.

नंदनवन भागाच्या पलीकडे चार मजली इमारत. चौथ्या मजल्यावरचा फ्लॅट आमचा, आईच्या नावावर घेतलेला. आम्ही बौद्ध माणसं, मुहूर्त मानत नाही. पण आईला गृहप्रवेश बुद्धपौर्णिमेलाच हवा होता आणि तिच्यापुढे माझं काही चालत नाही. महापालिकेचं भोगवटा प्रमाणपत्र, म्हणजे इमारत राहण्यालायक आहे असा कागद, तेव्हा आलेलं नव्हतं. आठ-पंधरा दिवसांत येईल, बिनधास्त राहायला या, असं बिल्डर म्हणाला. त्या कागदाशिवाय वीज कंपनी घरगुती मीटर देत नाही हे त्याला ठाऊक होतं, आम्हाला नव्हतं. बांधकामासाठी घेतलेल्या टेम्पररी मीटरवरून त्याने घरोघरी वायरी ओढून दिल्या. पंखे फिरत, दिवे लागत. लिफ्ट मात्र चालत नसे, तेवढा लोड त्या मीटरला पेलवत नव्हता.

वंदना झाली, खीर झाली आणि सत्कारही झाला. मी शाळेत मराठी शिकवतो. साधं लिहिणं मला कमीपणाचं वाटतं. निमंत्रणपत्रिकेत मी छापून घेतलं होतं: ‘सदर वास्तू पूर्णत्वास नेल्याबद्दल विकासक महोदयांचा हृद्य सत्कार.’ बिल्डरने ती ओळ दोनदा वाचली आणि पत्रिका घडी करून खिशात ठेवली. मला वाटलं, गडी भारावला.

मग वर्ष गेलं. आईचे गुडघे आधीच कुरकुरत होते. चार मजले उतरणं जमायचं, चढताना तिचा जीव जायचा. रविवारचं विहारात जाणं सुटलं. पुढे ती खालीच उतरेनाशी झाली. गॅलरीत बसून रस्ता बघायची आणि लिफ्ट कधी सुरू होणार ते रोज विचारायची. बिल्डर फोन उचलेना. महापालिकेत कळलं की नकाशात पार्किंग होतं तिथे त्या हरामखोराने दुकानं काढली होती, म्हणून प्रमाणपत्र अडलं होतं. शेवटी आम्ही सगळे रहिवासी मीटरसाठी वीज कंपनीच्या तक्रार मंचाकडे गेलो. अर्ज अर्थात मीच लिहिला.

सुनावणीला बिल्डरलाही बोलावलं होतं. तो आला नाही, त्याचा वकील आला. त्याने प्लॅस्टिकच्या फाइलमधून आमची पत्रिका काढली आणि माझी ओळ खणखणीत आवाजात वाचली, माझ्यापेक्षा चांगली. इमारत पूर्ण झाल्याचं तक्रारदारच छापून सांगतात, राजीखुशीने राहायला येतात, वर शाल देतात. मग माझ्या अशिलाचा दोष काय, असं त्याचं म्हणणं. तोवर मोबाइलमध्ये डोकं घालून बसलेला वीज कंपनीचा साहेब एकदम जागा झाला. त्याने पत्रिकेची प्रत मागून घेतली. बांधकाम पूर्ण झालं असेल तर बांधकामाचं मीटर अजून चालू कसं, एवढंच त्याने विचारलं. तिसऱ्या दिवशी लाइनमन आला आणि ते मीटर तोडून गेला.

महिना मे, गाव नागपूर. अख्खी इमारत माझ्यावर चवताळली. खालच्या मजल्यावरच्या बाईंनी मला जिन्यातच गाठलं.

“मास्तर, इतकं शुद्ध लिवाले तुमाले कोनं सांगतलं होतं?”

नऊ दिवस आई डोक्यावर ओला टॉवेल घेऊन फरशीवर पडून राहिली. त्या नऊ दिवसांत मी बिल्डरला जेवढे शाप दिले, त्यातला एकही शुद्ध मराठीत नव्हता.

दहाव्या दिवशी मंचाचा निकाल आला. वीज ही गरज आहे, घरांना मीटर द्या. पण प्रत्येक घरमालकाने हमीपत्र द्यावं. इमारतीला भोगवटा नाही हे जाणून मी येथे राहतो, उद्या कारवाई झाली तर माझी तक्रार नाही, असा मजकूर. बिल्डरला त्यात एका ओळीचाही धक्का नव्हता.

घर आईच्या नावावर, म्हणून सही तिची. मी मजकूर वाचून दाखवला. तिने कागद खाली ठेवला.

“झोपडीत राहत होतो, तं मीटर सरळ माह्या नावानं भेटलं होतं,” ती म्हणाली. “आता पक्क्या घरात आलो, तं गुन्हा कबूल करा लागते? काहून गा?”

मी म्हणालो, कर सही, उकाड्याने मरशील. तिने केली.

आठवड्यात मीटर लागलं, पंखा फिरला. लिफ्टचं मीटर वेगळं असतं हे तेव्हा कळलं. ते सोसायटीच्या नावाने मिळतं, सोसायटी नोंदवायला बिल्डरचे कागद लागतात आणि बिल्डर फोन उचलत नाही. हे ऐकल्यावर आईने लुगडी पिशवीत भरली. एकेक पायरी बसत बसत ती चार मजले उतरली. मी हात पुढे केला तर तिने कठडा धरला. वस्तीतलं जुनं घर आता धाकट्या भावाकडे आहे, तिथे ती राहते आणि रविवारी पायी विहारात जाते.

मी भेटायला जातो तेव्हा चहा देते, पोरांची चौकशी करते. मागच्या रविवारी निघताना तिने विचारलं, “तुह्या घरची लिफ्ट सुरू झाली काय गा?”

घर तिच्या नावावर आहे. मी नाही म्हणालो आणि चपला घातल्या.