पांढरं पडलेलं मेज

ठेंगू एकोणीस वर्षांची होती आणि दारू सोडून तिला सात महिने झाले होते. पण ही दुसरी गोष्ट कोणाला पटायची नाही, कारण तिच्या अंगाला कायम स्पिरिटचा वास. लाकडी सामानाच्या कारखान्यात ती पॉलिश करायची. लाखेचा चपडा स्पिरिटमध्ये विरघळवायचा, कापसाचा बोळा त्यात भिजवायचा आणि लाकडावर गोल गोल फिरवत राहायचं. एक थर म्हणजे एक हात. असे दहा-बारा हात बसले की लाकडात आपलं तोंड दिसतं. कपडे धुवा, केस धुवा, साबणाची वडी झिजवून टाका, वास काही जात नाही. बसमध्ये शेजारची बाई नाकाला रुमाल लावून उठायची आणि ऐकू जाईल इतपत पुटपुटायची, "एवढ्याशा वयात!" ठेंगूच्या ओठावर यायचं, बाई, मी खरंच प्यायचे तेव्हा तर खेटून बसत होतात. तेव्हा लवंग चघळत होते ना मी!

धंदा बापाचा. ठेंगू हे नावही त्याचंच, कारण कपाटाचा वरचा भाग करायला पोरीला खोक्यावर चढावं लागायचं. बापानं तिला दोन गोष्टी शिकवल्या, एक हात धरून आणि एक नकळत. तो झोपला की चौदा वर्षांची ठेंगू त्याच्या ग्लासातलं उरलेलं संपवायची. सतराव्या वर्षी बाप गेला, पण ग्लास राहिला. पुढे पुढे बाटली मिळेना तेव्हा तिनं कारखान्याच्या डब्यातलं स्पिरिट प्यायलं आणि तेवढंच पाणी डब्यात ओतून ठेवलं. ते स्पिरिट विष असतं हे तिला बोलता यायच्या आधीपासून माहीत होतं. तीन दिवस डोळ्यांपुढे नुसता धुरळा. कारखाना सांभाळणाऱ्या मिस्त्रीनं तिला उचलून दवाखान्यात नेलं आणि तिथून व्यसनमुक्ती केंद्रात.

केंद्रातल्या ताई म्हणाल्या, "धंदा बदल." सल्ला द्यायला कोणाच्या बापाचं काय जातं! ठेंगूनं विचारलं, "बदलून काय करू, ते पण सांगा." ताई कागद चाळायला लागल्या. दारू सोडलेल्या पोरीसाठी लोक टाळ्या वाजवतात, कामावर मात्र कोणी घेत नाही. मिस्त्रीनं घेतलं. फक्त म्हणाला, "एकदा पाहिलं. पुन्हा दिसलं तर त्याच दिवशी बाहेर."

राहायला ती आत्याकडे होती. संध्याकाळी दार उघडलं की आत्या म्हणायची, "हा कर." ठेंगू तोंड उघडून श्वास सोडायची. कपड्यांचा वास आणि तोंडाचा वास वेगळा ओळखायचा म्हणून आत्या अगदी ओठांजवळ नाक आणायची. त्यात राग नव्हता, भाजी निवडताना कीड बघावी तसं चालायचं. मग आत जायला वाट मिळायची. मोबाइलमधले एकेचाळीस नंबर ठेंगूनं स्वतः पुसले होते, सगळे पिणाऱ्यांचे. सहा उरले होते, त्यात एक गॅसवाला. आठवड्यातून एकदा तरी ती त्या सहा नावांवरून बोट फिरवायची आणि फोन उलटा ठेवायची.

त्या दिवशी सकाळी धुकं उतरलं होतं. पॉलिशच्या खोलीत वाचनालयाचं लांबलचक मेज होतं, आठ हात झालेलं, संध्याकाळी गाडीत चढायचं. खोलीच्या दोन्ही खिडक्या सताड उघड्या. ठेंगू कामावर परत आल्यापासून त्या उघड्याच असायच्या. दमट हवेत पॉलिश करू नये हे बापानं तिला कान पिळून शिकवलं होतं. तिचा हात खिडकीच्या कडीकडे गेला आणि मागे आला. खिडक्या लावून आत एकटी बसलेली दिसली असती तर काय बोलले असते लोक? तिनं खिडक्या तशाच ठेवल्या, दोन हात दिले आणि जेवणाचा डबा घेऊन एकटीच अंगणात गेली.

परत आली तर मेज पांढरं पडलं होतं. दूध सांडून वाळावं तसं, या टोकापासून त्या टोकापर्यंत.

आरडाओरड करायची गरजच नव्हती. कातारी, म्हणजे लेथवर मेजांचे पाय आणि गज काढणारा, पाण्याच्या माठाकडे जाताना डोकावला आणि दारातच थांबला.

"अरे वा! मिस्त्री, या बघायला. डब्यात पाणी आलंय वाटतं परत."

स्पिरिटमध्ये पाणी असलं की पॉलिश असंच पांढरं पडतं. कारखान्यातल्या मांजरालाही हे माहीत होतं. मिस्त्री आला, मेजावरून बोट फिरवलं आणि बोटाकडे बघत म्हणाला, "खरं सांग, पोरी."

"मी नाही."

"मागच्या वेळी पण हेच म्हणाली होतीस."

म्हणाली होती, याच खोलीत, याच आवाजात. खऱ्यासाठी वेगळे शब्द आणायचे कुठून?

"हवा दमट आहे, मिस्त्री. धुकं बघा ना, त्यानंही पांढरं पडतं."

"हवेनं प्यायली म्हणे!" कातारी हसला. मागे जमलेले दोघं-तिघंही हसले.

ठेंगूनं वर्षानुवर्षं खोटं पचवलं आणि आज खरं घशात अडकत होतं. मिस्त्रीनं तिच्या हातातला बोळा काढून घेतला आणि मेजावर ठेवला. आपण बाहेर गेलो हे तिला कळलं. आता आत्याच्या दारात आज काय सांगायचं? तोंडाला वास नाही हे तिला पटेल, पण काम का गेलं हे कसं पटणार?

"पेटवा," ठेंगू म्हणाली.

"काय?"

"स्पिरिट. ताटलीत घेऊन पेटवा. पाणी असेल तर खाली उरेल. मग मी दिसणार नाही तुम्हाला."

अंगणात लोखंडी ताटली ठेवली. मिस्त्रीनं डब्यातलं स्पिरिट ओतलं, लांबून काडी लावली. निळी ज्योत दिवसाउजेडी धड दिसेना, वरची हवा तेवढी थरथरत होती. सगळे गोल करून उभे. आणि तेव्हा ठेंगूच्या मनात आलं, उरलं तर? आपणच काही केलं असेल आणि आपल्यालाच आठवत नसेल तर? पूर्वी अशा किती रात्री होत्या. स्वतःच्या बाजूनं उभं राहायला त्या गोलात तीही नव्हती.

ज्योत विझली. मिस्त्री वाकला. ताटली कोरडी ठणठणीत होती.

"मग पांढरं कशानं पडलं?" कातारीनं विचारलं. आवाज जरा खाली आला होता.

मिस्त्रीनं मान वर करून खिडक्यांकडे बघितलं. "मीच सांगितलं होतं उघड्या ठेवायला," तो म्हणाला. "पोरीला आत वास कोंडायला नको म्हणून." तीस वर्षं लाकडात गेलेला माणूस, आणि धुक्याच्या दिवशी खिडक्या लावायला विसरला. त्याला तिच्या जिवाची भीती, तिला लोकांच्या तोंडाची, आणि मधल्यामध्ये मेजाची माती.

माफी वगैरे कोणी मागितली नाही. कातारी लेथकडे गेला, बाकीचे पांगले. मिस्त्री म्हणाला, "झाकण लाव डब्याला," आणि तोही चालू लागला.

ठेंगू डबा उचलून खोलीत आली. ती खरी ठरली होती, आणि खोलीत कोणी नव्हतं. झाकण तिच्या उजव्या हातात होतं, डबा डाव्या. तिनं ते लावलं नाही. आरोप झाला तेव्हा इतकी तलफ आली नव्हती. आता सुटका झाली तर जीभ टाळूला चिकटली. हे विष आहे, ती मनात म्हणाली. शरीर म्हणालं, माहीत आहे.

"मिस्त्री!"

तो दारात आला. "काय गं?"

"पांढरं काढायचं तर खिडक्या लावाव्या लागतील. दोन तास तरी. मी एकटी आत बसणार नाही."

"अगं, आता विश्वास आहे माझा."

"तुमचा असेल. माझा नाही अजून. बसा इथं."

मिस्त्रीनं आधी तिच्या हातांकडे बघितलं, मग पुढे होऊन झाकण घेतलं आणि डब्यावर घट्ट बसवलं. एका वाटीत कामापुरतं ओतून तिला दिलं, डबा स्वतःच्या पायाशी ठेवला. खिडक्या लावल्या. स्टूल ओढून बसला.

ठेंगूनं बोळा जेमतेम ओला केला आणि कडेपासून सुरुवात केली. हलका हात, न थांबता. थांबलं की बोळा चिकटतो. वास खोलीत भरत गेला. अर्ध्या तासानं एका कोपऱ्यात लाकडाच्या रेषा दिसायला लागल्या, तपकिरी, ओल्या मातीसारख्या. मिस्त्रीला हातांचं काय करावं कळत नव्हतं. काचकागदाचा तुकडा घेऊन तो उगाच दुमडत होता, उलगडत होता.

"जेवलीस का?" शेवटी त्यानं विचारलं.

"हो."

"जेवायला कोणाबरोबर बसतेस?"

ठेंगूनं बोळ्याचं वरचं फडकं बदललं, मेजाला वळसा घालून पलीकडच्या बाजूला गेली आणि पांढऱ्यावर हात फिरवायला लागली.